आईच्या भूमिकेच्या नावाखाली 29,300 रुपये गेले

'ऐतिहासिक मालिका, आई-आत्या-सासूच्या भूमिका, वय 45 ते 60, पुण्याच्या कलाकारांना प्राधान्य' अशी जाहिरात तुमच्या नाटकाच्या ग्रुपवर आली असेल तर एक रुपयाही पाठवू नका. माझे 29,300 गेलेत.

मी नवखी नाही. भरत नाट्यला हौशी नाटकं केलीत, मालिकांत नर्स, शेजारीण असे एकेक दिवसाचे रोल केलेत. जाहिरात टाकणाऱ्या कोऑर्डिनेटरला (कलाकारांना काम मिळवून देणारा मधला माणूस) आमची सगळी भाषा येत होती: ट्रॅक, लुक टेस्ट, महिन्याच्या डेट्स, नव्वद दिवसांनी पेमेंट. मी हुजूरपागेची म्हटल्यावर लगेच म्हणाला, "ताई, रीमा लागूही तुमच्याच शाळेच्या ना? आईच्या भूमिकांनीच त्यांना घराघरात नेलं." नायिकेचं वय सरलेल्या बाईला काय ऐकायचं असतं, हे या लोकांना पक्कं ठाऊक असतं.

आधी नोंदणीचे 2,500. मग सिंटाचं, म्हणजे सिने-टीव्ही कलाकारांच्या संघटनेचं, कार्ड काढून देतो म्हणून जीएसटीसकट 11,800. (सिंटाचं कार्ड सिंटाच देते. मधल्या माणसाला पैसे देऊ नका.) मग नऊवारी आणि दागिन्यांचं डिपॉझिट 15,000, शूट संपल्यावर परत. छोट्या रोलला आम्ही साड्या घरच्याच नेतो. इथे सगळा पेशवाई साज होता, डिपॉझिट कुणालाही पटलं असतं.

पण तो क्यूआर! कार्डाच्या पैशांसाठी स्कॅन केला तर प्रॉडक्शन हाऊसऐवजी कुठल्याशा बाईचं नाव आलं. माझा अंगठा तसाच थांबला. विचारलं, तर म्हणे, "आमच्या अकाउंटंट मॅडम आहेत. पटकन करा ताई, लिस्ट चॅनलला जातेय." आणि जीएसटी घेऊन पावतीवर जीएसटी नंबरच नाही! तो क्षण आठवला की अजून डोकं फिरतं. खऱ्या कोऑर्डिनेटरचं कमिशन आपल्या पेमेंटमधून कापलं जातं, आगाऊ मागितलं की समजा.

लुक टेस्टच्या सकाळी फोन बंद. चॅटचे स्क्रीनशॉट रोजच्या रोज काढा. त्याने अर्धे मेसेज पुसून टाकले.

1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली. पैसे गेल्या गेल्या फोन करा, खात्यात असतील तर गोठवता येतात. माझ्या वेळी खातं रिकामं झालं होतं. बँक म्हणते, पिन तुम्हीच टाकलात. पोलीस चौकीत म्हणाले, "स्वतःहून पाठवलेत ना? मग दिवाणी मॅटर आहे." खोटं सांगून पैसे उकळणं ही भारतीय न्याय संहितेच्या कलम 318 खाली फसवणूक नाही तर काय? मग म्हणे, ऑफिस अंधेरीचं, तिकडे जा. झीरो एफआयआर कुठल्याही ठाण्यात नोंदवता येते, हे मी त्यांना सांगायचं! वर, "मावशी, या वयात कशाला सिरियलचं खूळ?" वयाचा काय संबंध? वर्षानुवर्षं तालमी केलेल्या बाईने काम मागायचं नाही? लेखी अर्जाची पोच मागितली तर साहेब जेवायला गेलेत.

पोच अखेर मिळाली, तपास शून्य. तीच जाहिरात आता दुसऱ्या नंबरवरून फिरतेय. आणखी कुणाचे पैसे गेले असतील तर कळवा, एकत्र जाऊन आयुक्तालयात अर्ज देऊ.