धुरांडं पाडायचं: सुरुंगानं की आगीनं?
दुसऱ्या महायुद्धानंतरच्या दशकांत उत्तर इंग्लंडमधल्या बोल्टनच्या सूतगिरण्या बंद पडत गेल्या आणि त्यांची विटांची उंच धुरांडी पाडायची वेळ आली. सुरुंगाचं काम झटपट. भोकं पाडून दारू ठासली की पुढचं सगळं स्फोटावर.

१९३८ साली त्याच गावात जन्मलेल्या फ्रेड डिबना यांची रीत वेगळी. बुंध्याच्या एका बाजूच्या विटा फोडून काढायच्या, तिथे लाकडी टेकू ठोकायचे, भोवती जुनी लाकडं, टायर रचून पेटवायचे. टेकू जळाले की धुरांडं त्या बाजूला कलंडायचं. वेळ आणि जोखीम जास्त, हे खरं. तरी मला हीच पद्धत श्रेष्ठ वाटते, कारण डोक्यावरचा भार ओळखणाऱ्या कारागिराशिवाय ती जमतच नाही. आणि डिबना मुळात धुरांडी दुरुस्त करणारे. पाडण्यापेक्षा त्यांना तेच प्रिय होतं.