बोस्टन की फिलाडेल्फिया? जुन्या अमेरिकी कुटुंबाचा अभ्यास कुठल्या कागदांतून धरावा

वसाहतकाळातल्या अमेरिकेतलं घर, धर्म आणि मुलांची जडणघडण असा प्रबंधाचा विषय घेतला, की पहिल्याच महिन्यात वाट दुभंगते. एक बोस्टनच्या प्युरिटनांकडे (इंग्लंडच्या चर्चची आणखी शुद्धी मागणारे कडवे प्रॉटेस्टंट) जाते, दुसरी फिलाडेल्फियाच्या क्वेकरांकडे (पाळकाविना, मौनात प्रार्थनासभा भरवणारा पंथ). पंथांच्या शिकवणुकीत याहून खोल जात नाही. हाताशी वर्षभर असेल तर ते कुठल्या कागदांवर घालावं, एवढाच प्रश्न.

बोस्टनची जमेची बाजू मोठी आहे: तिथे घरातले आवाज ऐकू येतात. न्यायाधीश सॅम्युएल स्यूअलची रोजनिशी १६७४ पासून १७२९ पर्यंत जाते. मधली १६७७ ते १६८५ ही वर्षं तेवढी नाहीत. नोव्हेंबर १६९२ मध्ये चार वर्षांच्या जोसेफने पितळी गोळा फेकून बहीण बेट्टीचं कपाळ फोडलं. त्याबद्दल, शिवाय प्रार्थनेच्या वेळी खेळला आणि देवाचे आभार मानले जात असताना खात बसला म्हणून, बापाने त्याला चांगलं फटकावलं. (हाच जोसेफ पुढे ओल्ड साउथ चर्चचा पाळक झाला.) जानेवारी १६९६ मध्ये चौदा वर्षांच्या बेट्टीने जेवणानंतर एकाएकी हंबरडा फोडला: माझी पापं माफ झालेली नाहीत, मी नरकात जाणार. धर्म मुलाच्या मनात कसा उतरत होता याचा इतका थेट पुरावा क्वेकरांच्या सभांच्या इतिवृत्तांत शोधूनही मिळत नाही.

कायदेही हाताशी आहेत. मुलांना वाचायला आणि धर्माची मूलतत्त्वं शिकवण्याची जबाबदारी १६४२ च्या कायद्याने आईबाप आणि मालकांवर टाकली. १६४७ च्या कायद्याने ५० घरांच्या गावाला शिक्षक आणि १०० घरांच्या गावाला ग्रामर स्कूल (लॅटिन शिकवणारी शाळा) बंधनकारक केलं. १६४६ चा सोळा वर्षांवरच्या उद्दाम मुलाला देहदंड सांगणारा कायदा सगळेच उद्धृत करतात, पण त्याखाली कोणाला फाशी दिल्याची नोंद नाही. त्यावर प्रकरण उभारू नये.

मराठी अभ्यासकाला बोस्टनची आणखी एक ओढ असते. १८१३ मध्ये मुंबईला आलेले मिशनरी गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट, आणि त्यांनी सुरू केलेलं अमेरिकन मराठी मिशन, यांची मुळं याच प्युरिटन मंडळ्यांच्या (स्थानिक चर्चांच्या) काँग्रिगेशनल, म्हणजे प्रत्येक मंडळी स्वतंत्र मानणाऱ्या, परंपरेत आहेत.

इतकं असून गाडी अडते ती बाप्तिस्म्याच्या वहीपाशी. इथे मूल केवळ जन्मलं म्हणून वहीत येत नाही. आई किंवा बाप मंडळीचा सभासद असेल तरच त्याचा बाप्तिस्मा, आणि सभासद होण्यासाठी देवकृपेचा आपला अनुभव पटेल असा सांगावा लागे. पुष्कळ प्रौढ माणसं त्या पायरीपर्यंत पोचलीच नाहीत, आणि त्यांची मुलंही वहीबाहेर राहिली. उलट एखादी आई वयाच्या तिशीत सभासद झाली, की दहा वर्षांच्या मुलापासून तान्ह्यापर्यंत चौघांचा बाप्तिस्मा एकाच रविवारी. ही तारीख जन्मतारीख समजून कोष्टकात भरली, की दोन बाळंतपणांतलं अंतर, आईचं वय, कुटुंबाचा आकार, सगळंच चुकत जातं.

त्यात १६६२ चा तोडगा. स्वतः बाप्तिस्मा झालेले पण पूर्ण सभासद नसलेले आईबाप मंडळीचा करार (देवाला धरून राहण्याचं वचन) मान्य करत असतील तर त्यांच्या मुलांना बाप्तिस्मा द्यावा, असं धर्मसभेने ठरवलं. मात्र ते मानायचं की नाही हे प्रत्येक मंडळी आपलं आपण ठरवणार. बोस्टनमध्ये यावरून फर्स्ट चर्च फुटलं आणि तोडगा मानणाऱ्यांनी १६६९ मध्ये वेगळी मंडळी काढली, तीच ही ओल्ड साउथ. म्हणजे एकाच शहरात दोन वह्या आणि दोन नियम. जी मंडळी नियम सैल करते तिच्या वहीत बाप्तिस्मे वाढतात, आणि नवखा माणूस लिहून मोकळा होतो की जन्मदर वाढला.

उपाय आहे. १६३९ पासून गावच्या कारकुनाने जन्म, विवाह आणि मृत्यू नोंदवायचे होते. ती वही शेजारी ठेवून प्रत्येक कुटुंब हाताने जुळवायचं. पण कारकुनाच्या नोंदी तुटक आहेत. शिवाय मेलेल्या मुलाचं नाव पुढच्याला देण्याची रीत होती. पहिल्या जॉनचा मृत्यू नोंदलेला नसेल तर दोन जॉन मिळून एक होतात. विवाह १७व्या शतकात बहुतेक काळ न्यायाधीशासमोरचा दिवाणी करार असल्याने तोही मंडळीच्या वहीत नाही. माझ्या अनुभवात कामाचे निम्मे दिवस या जुळवणीतच जातात. तेवढी चिकाटी असणाऱ्याला बोस्टन खुशाल घेता येईल.

क्वेकरांकडे पाण्याचा बाप्तिस्माच नाही, त्यामुळे ही भानगडच उद्भवत नाही. जन्माची तारीख जन्माची म्हणूनच लिहिलेली. बऱ्याच ठिकाणी एका जोडप्याला एक पान: वर आईबाप दोघांची नावं, खाली मुलं क्रमाने. काही पानं मागाहून लिहिलेली असल्याने जुन्या तारखा जरा जपून घ्याव्यात.

लग्नाचे कागद तर फारच उपयोगी. जोडप्याने लागोपाठ दोन मासिक सभांत (आसपासच्या क्वेकरांची कारभारासाठी दर महिन्याला भरणारी सभा) इरादा जाहीर करायचा. मधल्या महिन्यात नेमलेल्या व्यक्ती दुसरीकडे शब्द दिलेला नाही ना आणि पालकांची संमती आहे ना हे तपासणार. मग लग्न, आणि लग्नपत्रावर हजर असलेल्यांच्या सह्या. बायकांच्याही. नातेवाईक बहुधा वधूवरांच्या खाली एका ओळीत सही करत, त्यामुळे गोतावळा आयता हाती लागतो. स्त्रियांची सभा वेगळी भरे आणि आपलं इतिवृत्त स्वतः लिही, हा फायदा बोस्टनकडे नाही.

दोष इथेही आहेत. सरळ वागणारं घर इतिवृत्तातून वीस वीस वर्षं गायब होतं. दिसतात ते पंथाबाहेर लग्न केलेले, दारू प्यायलेले, भांडलेले. १७५५ च्या सुमारास सुधारणेची लाट आली आणि सभासदत्व काढून घेण्याची प्रकरणं वाढली. ती शिस्तीची वाढ आहे, कुटुंबं मोडल्याची नव्हे. गुलाम माणसांची मुलं या वह्यांत जवळजवळ नाहीत. ती १७७६ च्या आसपासच्या मुक्तिपत्रांत नाव आणि वयासह शोधावी लागतात.

तारखांची कटकट मात्र आपल्याला कमी होते. देवदेवतांची नावं नकोत म्हणून क्वेकर महिने आकड्यांनी लिहीत, आणि १७५२ पूर्वी पहिला महिना म्हणजे मार्च. सप्टेंबरमध्ये सप्त आणि डिसेंबरमध्ये दश ऐकू येणाऱ्याला हा हिशेब पाठ करावा लागत नाही; वर्ष २५ मार्चला बदलतं याचंही पाडवा पाळणाऱ्याला नवल नको. ‘१७०१ चा १२वा महिना’ म्हणजे आजच्या लेखी फेब्रुवारी १७०२. १७५२ पासून पहिला महिना जानेवारी. टिपणवहीत मूळ तारीख आणि बदललेली तारीख असे दोन रकाने ठेवावेत. मूळ तारीख खोडू नये.

मनातलं काही हवं असेल तर फिलाडेल्फियातल्या क्वेकर एलिझाबेथ ड्रिंकरची १७५८ ते १८०७ ची रोजनिशी आहे. काळ उशिराचा, पण लेखणी आईची. ऑक्टोबर १७९९ मध्ये मुलीच्या अवघड बाळंतपणात ती तिला धीर देते: हे बाळ दोन वर्षं अंगावर पाजलंस तर कदाचित हे शेवटचंच ठरेल.

सुरुवात एकाच मासिक सभेपासून करावी. फिलाडेल्फियाजवळच्या हॅवरफर्ड आणि स्वार्थमोर कॉलेजांत या वह्या आहेत. विल्यम वेड हिन्शॉ यांनी १९३० च्या दशकात प्रसिद्ध करायला घेतलेले गोषवारे नावं शोधायला उत्तम, पण त्यांत ‘सभासदत्व काढले’ एवढंच असतं. का काढलं, घरी भेटायला कोण गेलं, मुलगी काय म्हणाली, यासाठी मूळ इतिवृत्तच उघडावं लागतं, आणि तेही आधी स्त्रियांच्या सभेचं.