लाओकोऑनचा उजवा हात : कोल्हापुरात घेतलेल्या एका प्रतिकृतीविषयी

कोल्हापुरातील एका मूर्तिकाराच्या दुकानातून मी लाओकोऑन शिल्पसमूहाची दीड फूट उंचीची, प्लास्टर ऑफ पॅरिसची प्रतिकृती १,८०० रुपयांना घेतली. महिनाभर ती रोज नजरेसमोर राहिल्यानंतर हा अभिप्राय लिहीत आहे.

ग्रीकांचा, आत सैनिक लपवलेला लाकडी घोडा नगरात घेऊ नका, असे बजावणाऱ्या ट्रॉय नगराच्या लाओकोऑन या पुजाऱ्याला आणि त्याच्या दोन मुलांना देवांनी धाडलेल्या, समुद्रातून आलेल्या सर्पांनी विळखा घातला, ही प्राचीन ग्रीक-रोमन कथा. व्हॅटिकनमधील मूळ संगमरवरी शिल्पात ती वेदना चेहऱ्याइतकीच धडात भरलेली आहे. आत ओढलेले पोट, वर आलेली छाती आणि किंकाळीपर्यंत न पोहोचलेले, अर्धवट उघडे तोंड प्रतिकृतीतही नेमके उतरले आहे. तरुणपणी तालमीत घुमलेल्या माझ्या मामांनी कथा ठाऊक नसताना मूर्तीकडे पाहून "ह्याचा दम कोंडलाय" असे सांगितले, तेव्हा पैसे वसूल झाल्यासारखे वाटले.

खटकतो तो उजवा हात. १५०६ मध्ये रोममधील एका द्राक्षमळ्यात शिल्प सापडले, तेव्हा तो हात तुटलेला होता. पुढे दुरुस्ती करणाऱ्यांनी आकाशाकडे झेपावणारा हात जोडला आणि कित्येक पिढ्यांनी लाओकोऑनला देवांना आव्हान देणारा वीर म्हणूनच पाहिले. १९०६ मध्ये पुरातत्त्वज्ञ लुडविग पोलाक यांना रोममध्येच कोपरात दुमडलेला, डोक्यामागे वळणारा संगमरवरी हात मिळाला. तो मूळ हात असल्याचे मान्य होऊन विसाव्या शतकाच्या मध्यानंतर शिल्पाला बसवण्यात आला. माझ्या प्रतिकृतीत मात्र जुनाच ताठ हात आहे. त्यामुळे सर्प जणू झुगारून दिल्यासारखा भासतो. दुमडलेल्या हातात झुंज तितकीच आहे, पण तिला जागा उरलेली नाही, आणि माझ्या मते बंडखोरी तिथेच अधिक खरी वाटते.

दुकानदारांनी साचा जुना असल्याचे प्रांजळपणे सांगितले. वेटोळ्यांवरच्या साच्याच्या रेघा घासलेल्या नाहीत, लहान मुलाची बोटेही पुसट आहेत. पेंढ्यातली बांधणी मात्र चोख होती. छायाप्रकाशाचा सराव करणाऱ्या चित्रकलेच्या विद्यार्थ्यांनी ही प्रतिकृती जरूर घ्यावी. इतरांनी दुमडलेल्या हाताची मागणी आधी नोंदवावी. मी सध्या ती अशी फिरवून ठेवली आहे की उजवा हात कपाटाआड जातो.