टॉवर अडवू नका म्हणणारे वकील: नाशिकच्या सीबीएसजवळच्या (मध्यवर्ती बसस्थानकाजवळच्या) ऑफिसचा अनुभव

शेतातून हायटेन्शन लाइन जाणार असेल तर नाशिकला कोणाकडे जावं, असं ओळखीतले बरेच जण विचारतात, म्हणून लिहिते. आमची द्राक्षबाग दिंडोरी तालुक्यात. 220 केव्हीच्या लाइनचा एक टॉवर बागेच्या कोपऱ्यात आणि तारा बागेवरून.

सासरे, म्हणजे नाना, एकच धरून बसले होते : सातबारा माझा, टॉवर उभा राहू देणार नाही. आधी ज्यांना विचारलं त्यांनी "स्टे आणू की" म्हणत मान डोलावली. या वकिलांनी कागद वाचून फीचं बोलण्याआधीच सांगितलं, "नाना, स्टेच्या नादी लागू नका." कंपनीला वीज कायदा 2003 च्या कलम 164 खाली तार खात्यासारखे अधिकार दिले असतील, तर 1885 च्या तार (टेलिग्राफ) कायद्याप्रमाणे मालकाची पूर्वसंमती लागत नाही. सुप्रीम कोर्टानंही 2016 मध्ये हेच म्हटलंय. अडवलं तर कंपनी जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश आणते. नानांचा चेहरा पडला. मग वकील म्हणाले, जमीन कंपनीची होत नाही, तिला फक्त वापराचा हक्क मिळतो, आणि झालेल्या नुकसानीची पूर्ण भरपाई द्यावीच लागते. पहिलं पत्र गेलं ते 164 च्या आदेशाची प्रत मागणारं. तो आदेशच नसेल तर संमतीचा प्रश्न उभा राहतो.

खरं काम दिसलं पंचनाम्यात. कंपनीच्या माणसानं आणलेल्या कागदावर 'द्राक्षवेली' एवढंच, आकड्याची जागा कोरी, आणि "काकू, इथं सही करा". वकिलांनी सही थांबवली, ज्युनिअरला बागेत पाठवलं. वेलींचं वय, जात, डॉगरिज खुंटावर कलम केलेली बाग, मांडवाचे अँगल, तारा, ठिबकच्या नळ्या, सगळं ओळीनं लिहून घेतलं. गोडी छाटणी (फळासाठीची) होऊन घड लागले होते, तेही घातलं. व्यापाऱ्याच्या कच्च्या चिठ्ठ्या कोण मानणार, ही मला धास्ती. त्यांनी त्या बँकेत जमा झालेल्या रकमांशी एकेक जुळवून जोडल्या.

दराचंही तसंच. केंद्राच्या 2015 च्या मार्गदर्शक सूचनांत टॉवरखालच्या जमिनीला किमतीच्या 85 टक्के आणि तारांखालच्या पट्ट्याला 15 टक्क्यांपर्यंत होते. जून 2024 च्या सूचनांत ते 200 आणि 30 झाले. आम्हाला आलेल्या पत्रात जुनेच आकडे. आपल्या लाइनला राज्याचा कुठला जीआर लागतो, तेही त्यांनी तपासलं. 220 केव्हीचा पट्टा साधारण 35 मीटरचा. त्याखाली द्राक्षं राहतात, पण घर किंवा शेड बांधता येत नाही, बोअरची गाडी उभी करता येत नाही. हे नुकसान त्यांनी वेगळं मांडलं.

एक गोष्ट मात्र नानांनीच त्यांना शिकवली. शेजारच्या शिवारात जुन्या लाइनखाली मांडवाच्या तारेला हात लावला की झिणझिण्या येतात. वकिलांनी ते लगेच टिपून घेतलं आणि कंपनीकडं मांडवाच्या अर्थिंगची मागणी टाकली. ऐकून घेणारा वकील, ही चीज दुर्मीळ आहे.

आता तक्रारी. फोन क्वचितच उचलतात, निरोप ज्युनिअरकडून येतो आणि तो अर्धवट असतो. मसुदे सगळे इंग्रजीत; मराठीत समजावून सांगा म्हटलं की सांगतात, पण म्हणावं लागतं. सल्ल्याचे 1000 रुपये आधी कळले, कोर्टाच्या कामाचे वेगळे हे विचारल्यावरच. जिना अरुंद, लिफ्ट नाही. म्हणून पाचपैकी चार.

भरपाई कमी वाटली तर जिल्हा न्यायाधीशांकडे दाद मागायला तीन वर्षांची मुदत असते, तेव्हा "बघू पुढच्या हंगामानंतर" करत बसू नका. आमचा अर्ज तिथेच आहे, निकाल लागायचाय.

जाताना सातबारा, आठ-अ, गटाचा नकाशा आणि कंपनीकडून आलेलं प्रत्येक पत्र पाकिटासकट न्या. तारखेसाठी पाकीटही बघतात. कोर्ट सुटल्यावर भेटतात. सीबीएसला गाडी लावायला जागा मिळणं कठीण, रिक्षानंच जा.