दुर्गाबाई बघायच्या कुठून? तारामती, सौदामिनी की जोधाबाई

भाचीने परवा विचारलं, "मावशी, दुर्गा खोट्यांचा एकच सिनेमा बघायचा तर कुठला?" तिच्या लेखी दुर्गाबाई म्हणजे 'बॉबी'तली आजी, मिसेस ब्रॅगॅन्झा. टीव्हीवर तेच लागायचं, त्यात तिची काय चूक! पण १९३१ ला पडद्यावर आलेली ही बाई १९८० च्या 'कर्ज'मध्येही आहे, आणि मध्ये जवळजवळ दोनशे चित्रपट. सगळे कोण बघणार? मी तिच्यासमोर तीन ठेवले.

पहिला 'अयोध्येचा राजा' (१९३२). कोल्हापूरची प्रभात, दिग्दर्शक शांताराम, हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे आणि तारामती दुर्गाबाई. सॉलिसिटरची मुलगी, सेंट झेवियर्समध्ये शिकलेली, दोन मुलांची आई. अशा घरातल्या बाईने तोंडाला रंग लावणं म्हणजे त्या काळी गावभर बोभाटा. तीनपैकी मराठीतला हा एकच, आणि मराठी बोलपट कसा जन्मला ते बघायचं असेल तर याला पर्याय नाही. पार्श्वगायन तेव्हा नव्हतं, त्यामुळे बाई स्वतः गातात. आवाज गवयाचा नाही, घरातल्या आईचा आहे, आणि अंगाईला तो शोभतो. पण सावध करते: बोलणं संगीत नाटकाचं, कॅमेरा एका जागी बसलेला, प्रत खरखरीत. आमच्या घरी लावला तेव्हा दहा मिनिटांत निम्मी मंडळी चहा करायला उठली, ती परत आली नाहीत. शिवाय तारामती सोसते, सोसते आणि सोसतेच. दुर्गाबाई त्यात शोभतात, पण त्यांच्यात आणखी काय दडलंय याचा पत्ता लागत नाही.

तो लागतो 'अमर ज्योती'त (१९३६). प्रभात तीच, शांतारामही तेच, फक्त कंपनी आता पुण्याला आलेली आणि चित्रपट हिंदी. सौदामिनीला राज्याचा कायदा सांगतो की मुलावर आईचा हक्क नाही. मग ही समुद्रावर जाते, चाच्यांची म्होरकी होते आणि ज्या न्यायमंत्र्याने तिची दाद घेतली नाही त्या दुर्जयाला पकडून त्याचा पायच तोडते. समोर चंद्रमोहन, त्यांचे ते घारे डोळे. त्या डोळ्यांपुढे भलेभले विझतात. बाई विझत नाहीत. मान ताठ, हनुवटी जराशी वर, आवाज चढवायची गरजच नाही. बायकांच्या गुलामीबद्दल ती जे बोलते ते ऐकताना सन १९३६ आहे याची आठवण करून द्यावी लागते. दोष आहेत. जहाज उघडउघड स्टुडिओतलं वाटतं आणि शांता आपटेंची गाणी गोड असली तरी मध्येच कथेला खिळ घालतात. तरीही माझं मत यालाच.

तिसरा 'मुगल-ए-आझम' (१९६०). हा बघायला सर्वांत सोपा: प्रत स्वच्छ, हवा तर रंगीतही, उर्दू कानाला गोड. पण लांबी तीन तासांच्या वर, आणि एवढ्यात बाईंच्या वाट्याला मोजकेच प्रसंग. एकाच प्रसंगासाठी बघा. अकबर मुलावरच चाल करून निघालाय, तलवार जोधाबाईच्या हातून हवी, आणि हात पुढे होईना. तो तिला स्पष्टच विचारतो, मुलगा की कुंकू? अभिनेत्रीला इथे रडता आलं असतं. दुर्गाबाई आधी चेहरा दगडासारखा करतात, रडू नंतर येतं. समोरचे पृथ्वीराज कपूर १९३४ च्या 'सीता'त त्यांचे राम होते. एवढ्या वर्षांची ओळख त्या दोघांच्या उभं राहण्यात दिसते असं मला वाटतं. असेल माझ्या मनाचा खेळ.

आता कोणी म्हणेल, फिल्मफेअर तर 'बिदाई'ला (१९७४) मिळालं, मग ते का नको? बघा की, रडायचं असेल तर. पण उतारवयातल्या मावश्या-आज्यांनी सुरुवात केली की बाई कायमच्या पांढऱ्या केसांत अडकतात. गंमत म्हणजे सासूपण त्यांनी कितीतरी आधीच अंगावर घेतलं होतं. अत्र्यांच्या 'पायाची दासी'त (१९४१) त्या खाष्ट सासू झाल्या तेव्हा वय अवघं छत्तीस! त्या वयात नायिका म्हणून मिरवायचं सोडून कजाग म्हातारी करायला छाती लागते. तो चित्रपट चौथा म्हणून डोक्यात ठेवा.

थोडक्यात काय, मराठी हवंच आणि संथपणा चालतो तर तारामती. घरातल्या सगळ्यांना घेऊन बसायचंय तर जोधाबाई. एकट्याने, मोबाइल बाजूला ठेवून बसणार असाल तर सौदामिनी, आणि मग बाकीच्या भूमिका आपोआप वेगळ्या दिसू लागतात.

भाचीने अर्थातच माझं ऐकलं नाही. 'मुगल-ए-आझम' लावला. तलवारीच्या प्रसंगाला थांबवून तिने फोन केला, "मावशी, पाय तोडणारी ती हीच का गं?"

"हीच."

"मग ही अकबराचं का ऐकतेय?"


रविवारी ये म्हटलं, 'अमर ज्योती' लावू.