डेव्हन बेटाची जहाज सहल: डंडास हार्बरसाठी जा, उल्काविवरासाठी नको

कॅनडाच्या नुनावुतमधलं डेव्हन हे जगातलं सर्वांत मोठं निर्मनुष्य बेट, सुमारे ५५ हजार चौ. किमी. जहाजवाले बहुधा दक्षिण किनाराच दाखवतात. हॉटन उल्काविवर बरंच आत आहे, ती आशा सोडा. डंडास हार्बरला मात्र पैसे वसूल: १९२४ सालची, आता ओस पडलेली पोलीस चौकी आणि जमिनीला चिकटून पसरलेली बोटभर उंचीची आर्क्टिक विलोची झुडपं. बाकी बेट बर्फाची टोपी नाहीतर ध्रुवीय वाळवंट. खरी हिरवळ ईशान्येच्या ट्रूलव्ह सखल भागात, तिथे कस्तुरी-बैल चरतात. उतरायचं रबरी बोटीतून, थेट पाण्यात. गुडघ्यापर्यंतचे गमबूट हवेतच. वारा वाढला, बर्फ आडवा आला किंवा अस्वल दिसलं की उतरणं रद्द. पैसे परत मिळतात का, ते बुकिंगआधीच विचारा.