उडान की उंच माझा झोका? लेकीच्या इंजिनिअरिंगवरून घरात वाद असेल तर आधी काय बघायचं

बारावीला मार्क चांगले, पोरीला वालचंदला कॉम्प्युटर घ्यायचंय आणि घरात चाललंय की "पोरीच्या जातीला एवढं कशाला, बीए करू दे, स्थळं येतायत", अशी घरं सोलापुरात अजून लई आहेत. त्यांनी एकत्र बसून काय बघावं तर माझ्यापुढं ह्या दोनच मालिका, उडान आणि उंच माझा झोका. नायिका दोन्हीकडं इंजिनिअर नाहीये हे आधीच सांगते, पण भांडण तेच.

उडान १९८९ ची, दूरदर्शनवरची. कविता चौधरीनं लिहिली, दिग्दर्शन तिचंच, पोलीस अधिकारी होणाऱ्या नायिकेचं, कल्याणीचं कामही तिचंच, आणि गोष्ट सख्ख्या बहिणीवरून घेतलेली, म्हणजे कांचन चौधरी भट्टाचार्य, ज्या पुढं २००४ ला उत्तराखंडच्या पोलीस महासंचालक झाल्या, देशात त्या पदावर पोचलेली पहिली बाई. कल्याणीचे वडील झालेत आपले विक्रम गोखले. पोरीवर विश्वास टाकणारा बाप कसा बोलतो, कसा गप्प बसतो ते ह्यांच्याकडं बघून कळतं, म्हणून ही बापाला शेजारी बसवूनच बघा. भाग थोडे आहेत, लवकर संपते.

उंच माझा झोका झी मराठीवर २०१२ ला आली, रमाबाई रानड्यांची. १८७३ ला अकराव्या वर्षी लग्न, नंतर नवरा, न्यायमूर्ती रानडे, तिला शिकवतात आणि घरातल्या बायकाच टोमणे मारतात, हे आजीला लगेच भिडतं, भाषा आपली आहे ना, आणि सोलापुरातलं सेवासदन तर रमाबाईंच्याच संस्थेचं. पण रोजची मालिका, लांबते खूप. आणि मला खटकतं ते हे की रमाला बळ नवऱ्याकडून मिळतं, कल्याणी मात्र आपलं आपण ठरवते.

त्यामुळं विरोध बापाचा असेल, किंवा पोरगीच कच खात असेल, तर उडान. आजी अडून बसली असेल तर झोका. एकच बघायला वेळ असेल तर माझं मत उडानलाच.

आणि कुणी फीचं कारण काढलं तर सांगा की ८ लाखांच्या आत उत्पन्न असलेल्या ईडब्ल्यूएस (आर्थिक दुर्बल), एसईबीसी (मराठा आरक्षणातल्या), ओबीसी मुलींना महाराष्ट्रात २०२४-२५ पासून व्यावसायिक कोर्सची शिक्षण फी आणि परीक्षा फी पूर्ण माफ आहे, फक्त ॲडमिशन सरकारी कॅप राऊंडमधून (केंद्रीय प्रवेश प्रक्रियेतून) घ्यायची, उत्पन्नाचा दाखला आत्ताच काढून ठेवा.